कॅमेऱ्यात पाहू नका

मंगलाष्टकं मधेच थांबवून भटजींना "कट!" म्हणणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. शकीलभाई. अकोल्याच्या जुन्या शहरात माझ्या झेरॉक्सच्या दुकानाला लागून त्यांचा व्हिडिओ स्टुडिओ होता. आज मुंबईत त्यांच्या मालिका चालतात. तेव्हा लग्नं शूट करायचे आणि स्वतःला डायरेक्टर म्हणवायचे. हॅलोजन धरायला मी, पोटभर जेवणावर.

"कॅमेऱ्यात पाहू नका न भाऊ! काहून पाहून राहिले? शादी पाहा!" हे त्यांचं पालुपद. ज्यानं पाहिलं तो कॅसेटमधून कापला गेलाच, मग नवरदेव का असेना. वलगावला त्यांनी नवरीला हार पुन्हा घालायला लावला. नवरदेवाची आई कडाडली, "अरे बापा, एकाच पोराचं लगन दोनदा लावतं का?"

बार्शीटाकळीच्या सुनंदाच्या लग्नात तिचे वडील तर ऐकेचनात. टोपी सारखी करायचे आणि थेट कॅमेऱ्यात पाहून हसायचे. शकीलभाईंनी चिडून त्यांना मुळासकट कापलं. अख्ख्या कॅसेटमध्ये नवरीचा बापच नाही!

वर्षभरानं सुनंदा स्टुडिओत आली. "बाबा गेले, भाऊ. घरात त्यायचा धड फोटो नाई. कॅसेट लावली, तं त्यातबी नाई."

ते साल कपाशी करपल्याचं. कसे गेले हे तिनं सांगितलं नाही, आम्हीही विचारलं नाही.

शूटिंगच्या मूळ कॅसेटवर आम्ही पुढची लग्नं घ्यायचो. नवी कॅसेट कोणाला परवडते? म्हणजे कापलेला बाप कधीचाच पुसला गेला असणार. त्यात दुसऱ्याच दिवशी शकीलभाईंना मुंबईला एका मालिकेसाठी बोलावलं होतं. इतक्या वर्षांत आलेलं पहिलं बोलावणं. मी म्हटलं, "आधी गाडी पकडा, आल्यावर शोधू."

"जाऊ दे गाडी. तिचा बाप मीच कापला न?"

तीन दिवस आम्ही लोकांची लग्नं पाहत बसलो. चौथ्या दिवशी एका बारशाची कॅसेट संपली, पडद्यावर मुंग्या आल्या आणि मागून उरलेलं जुनं शूटिंग निघालं. दहा सेकंद असेल. सुनंदाच्या वडिलांनी टोपी सारखी केली, समोर पाहिलं, हसले.

सुनंदाला बोलावलं. ती टीव्हीसमोर जमिनीवरच बसली. "माह्याकडंच पाहून राहिले न, भाऊ," म्हणाली आणि रडायला लागली. ती म्हणेल तितक्यांदा शकीलभाई कॅसेट मागं नेत राहिले.

त्यानंतरच्या पहिल्याच लग्नात एक म्हातारा कॅमेऱ्यासमोर येऊन उभा राहिला. सवयीनं मीच ओरडलो, "आजोबा, कॅमेऱ्यात पाहू नका!"

शकीलभाईंनी डोळा काचेवरून काढला नाही. हळूच म्हणाले, "पाहू दे न बे त्याले."