दात्याचं बोट

चौथ्या मजल्यावर राहणाऱ्या चित्रकाराला सोमवारपर्यंत डझनभर माणसांना अलौकिक शक्ती वाटायच्या होत्या, आणि त्याच्याकडे एकही शिल्लक नव्हती.

काम अर्थातच रीतसर होतं. एका साप्ताहिकात त्याची जपानी मांगा कॉमिकच्या पद्धतीची चित्रमालिका चालू होती. तिचं नाव 'उरेल तो एक'. तिच्यात दाता नावाचा खलनायक होता. तोंडावर पांढरा मुखवटा, अंगावर काळा झगा आणि बोलणं अत्यंत नम्र. हा दाता साध्यासुध्या माणसांना उचलून एका ओसाड बेटावर आणायचा, प्रत्येकाच्या कपाळाला बोट लावून एकेक अद्भुत शक्ती द्यायचा आणि मग सांगायचा, "आता आपसांत लढावं. घरी एकच जण जाईल. गैरसोयीबद्दल दिलगीर आहे."

पहिल्याच खेळात आग, वीज, बर्फ, वादळ आणि अदृश्य होणं एवढ्या शक्ती संपल्या होत्या. दुसरा खेळ सुरू करायचा होता, तेवढ्यात संपादिकाबाईंचा फोन आला.

"आता पुन्हा आग नको हं. वाचक जांभया देतायत. साध्या माणसांना साध्या शक्ती द्या. वाचकाला वाटलं पाहिजे, अरेच्चा, हा तर आमच्या शेजारचा!"

चित्रकाराची बायको समोरच बसून पात्रांच्या तोंडचे फुगे भरत होती. अक्षरांचं काम तिच्याकडे होतं. मान वर न करता ती म्हणाली, "मग शेजारीच जाऊन बघ ना. इथे कागदाकडे बघून काय उगवणार आहे?"

चित्रकार जिन्यात जाऊन उभा राहिला. त्याला कुणी काही विचारलं नाही. इमारतीत तो इतकी वर्षं राहत होता, पण 'ते वरचे, घरीच असतात ते' याच्यापुढे त्याची ओळख गेलेली नव्हती.

खाली सोसायटीचे सचिव फलकावर सूचना डकवत होते. 'जिन्याखाली सायकली ठेवू नयेत.' टाचणी टोचून होते न होते तोच एक जण आपली सायकल उचलून बाहेर उन्हात नेऊन ठेवू लागला. पहिल्या मजल्यावर मोठ्या कचेरीतून निवृत्त झालेले साहेब राहायचे. दारात प्लंबर आपल्या कामाचं बोलायला आला होता. साहेब हसून म्हणाले, "उद्या या." प्लंबर हातातल्या पाइपसकट असा थिजला, की त्याच्या अंगावर धूळ बसेल असं वाटलं. तळमजल्यावरचे दातांचे डॉक्टर कुणाला तरी "थोडंसंच दुखेल हं" म्हणत होते, आणि हत्यार तोंडात जायच्या आतच किंकाळी बाहेर आली. तिसऱ्या मजल्यावरच्या काकू दार किलकिलं करून समोरच्या सुनेला म्हणाल्या, "मी कुणाला सांगत नाही, पण—" आणि पुढचं वाक्य संध्याकाळपर्यंत गच्चीवर पोचलं.

दुसऱ्या मजल्यावर गाण्याच्या बाई एकट्याच राहायच्या. त्यांच्या दाराशी दोन शिष्या एकमेकींच्या झिंज्या धरून भांडत होत्या. आतून बाईंनी पियानोवर एक स्वर दाबला आणि त्याच्यात आपला आवाज मिसळला. मुलींनी झिंज्या सोडल्या, फ्रॉक झटकले आणि मुकाट्याने आत गेल्या.

चित्रकार धावतच घरी आला. सोमवारी दात्याने बेटावर शक्ती वाटल्या. सचिव फलकावर जे लिहील ते खरं व्हायचं. त्याने 'येथे श्वास घेण्यास मनाई आहे' असं लिहिताच समोरचा माणूस कोसळला. साहेबाने "उद्या या" म्हटलं की शत्रू जागच्या जागी गोठायचा. डॉक्टर नुसतं बोलून वेदना द्यायचा. काकू "मी कुणाला सांगत नाही, पण" म्हणाली की पुढची थाप सगळ्या बेटाला पटायची. आणि गाणारीने सूर लावला की ऐकणाऱ्याच्या हातातलं हत्यार गळून पडायचं.

अंक बाजारात आला. चित्रकाराला धडकी भरली. चेहरे त्याने बदलले होते, पण सचिवांची मिशी त्याला सोडवली नव्हती. तिसऱ्या दिवशी दार वाजलं. बाहेर मिशी होती.

"हा मीच ना?" सचिवांनी अंक पुढे केला.

"नाही, म्हणजे... योगायोग समजा..."

"मी माणूस मारलाय यात."

"चुकलं, माफ करा."

"चुकलं काय? छान मारलाय. माझं म्हणणं वेगळं आहे." सचिव आत येऊन बसले. "त्या डॉक्टरला तीन पानं आणि मला दोन? सोसायटी कोण चालवतं?"

त्यानंतर जिन्याला उसंत मिळाली नाही. डॉक्टर आले ते आनंदातच. "दातासुद्धा मीच, ओळखलं मी! दातांवरूनच घेतलंत ना नाव?"

"नाही हो. दाता म्हणजे देणारा."

"अरे देवा. मी तर काढणारा." डॉक्टर जरा हिरमुसले. "बरं, मग निदान माझ्या बोलण्याचा पल्ला तरी वाढवा. साहेब भिंतीपलीकडच्याला गोठवतात आणि मी मेला समोर उभा राहून दुखवतो, हे बरं दिसतं का?"

साहेब स्वतः आले नाहीत, त्यांनी बोलावणं पाठवलं. काकू चित्रकाराच्या बायकोला जिन्यात गाठून म्हणाल्या, "वहिनी, मी काही मागत नाही हो. पण माझ्या थापेवर सचिवाने उशिरा विश्वास ठेवला असं दाखवलंय, ते काही बरोबर नाही. खऱ्या आयुष्यात ते लगेच ठेवतात."

आपल्याला खुनी दाखवलं म्हणून एकही माणूस तक्रार घेऊन आला नाही. प्रत्येकाचं गाऱ्हाणं शेजाऱ्याच्या शक्तीबद्दल होतं.

शेवटी सचिवांनी या प्रकाराला शिस्त लावली. शक्तीवाढीच्या मागण्यांचा विचार करायला एक उपसमिती नेमली गेली, आणि तिचे अध्यक्ष म्हणून स्वतः सचिवच एकमताने निवडून आले. फाटकाजवळची, झाडाच्या सावलीतली गाडी लावायची जागा 'कलावंतासाठी राखीव' झाली. डॉक्टरांनी चित्रकाराची दाढ हसतखेळत भरून दिली, आणि खरोखरच थोडंसंच दुखलं. साहेबांच्या एका फोनने त्याच्या गावाकडच्या घराचा कित्येक वर्षं अडकलेला नकाशा मंजूर झाला. जिन्यात माणसं त्याला वाट करून देऊ लागली. चित्रकाराने नवीन शर्ट शिवून घेतले.

"तुझ्या खलनायकाला निदान बोट तरी लावावं लागतं," बायको म्हणाली. "तुझ्याकडे लोक आपणहून कपाळ घेऊन येतात."

"मी काय वाईट देतोय का कुणाला?"

"तू काहीच देत नाहीयेस. ते त्यांच्याकडे होतंच. तू फक्त त्यांना सांगितलंस, आणि एकच जण उरणार म्हणालास."

मालिकेचा खप वाढला, तेव्हा संपादिकाबाईंनी मतदान सुरू केलं. पुढच्या अंकात कुणी मरावं हे वाचकांनी ठरवायचं. पहिल्याच फेरीत गाणारीचं नाव वर आलं. कारण उघड होतं. कुणी कुणाचा गळा धरला की ही बया सूर लावायची आणि हत्यारं टपाटप खाली पडायची. 'हिच्यामुळे खेळ पुढे सरकत नाही,' असं वाचक कळवत होते. चित्रकाराचा तिच्यावर जीव होता. मतं मोजायला त्याच्याकडेच यायची, त्यात थोडी हातचलाखी करून त्याने तिला वाचवलं आणि एका मासेविक्याला बुडवलं.

हे इमारतीला सहन झालं नाही. गाण्याच्या बाईंनी तो अंक उघडूनसुद्धा पाहिला नव्हता. पण त्या जिन्यात भेटल्या, तेव्हा सचिवांनी मान फिरवली.

"तीन अंक झाले," ते चित्रकाराला म्हणाले, "मी हात उचलला की ही बाई खाली पाडते. आणि खऱ्यातही सकाळी सहापासून आ आ आ चालू असतं. आजवर मी बोललो नाही."

दुसऱ्याच दिवशी फलकावर सूचना लागली: 'इमारतीतील शक्तिसंतुलन बिघडत असल्याने गायनवर्गास पुढील आदेशापर्यंत मनाई.' बाई ती घेऊन साहेबांकडे गेल्या, कारण अशा बाबतीत कुठे दाद मागायची हे त्यांनाच ठाऊक असायचं. साहेब हसून म्हणाले, "उद्या या." बाई उद्या गेल्या. परवाही गेल्या. तेवढ्यात काकू कुणाला सांगत नव्हत्या, पण बाईंच्या घरी शिकायला जाणाऱ्या मुलींचे आवाज म्हणे कायमचे बसतात. आईबापांनी मुली काढून घेतल्या. डॉक्टर बाईंना फाटकात भेटले आणि फार मायेने म्हणाले, "मनाला लावून घेऊ नका. सगळे तुमच्याबद्दल काय बोलतात ते सांगतो, थोडंसंच दुखेल हं."

एका दुपारी बाई चौथ्या मजल्यावर चढून आल्या. हातात अंक होता. आता त्यांनी तो वाचला होता.

"हिला मारून टाका," त्या चित्रकाराला म्हणाल्या.

"बाई, असं काय बोलता! तिला तर मी जिंकवणार आहे."

"जिंकवू नका हो. ती जगत्येय म्हणून माझं दार बंद झालंय. ही मेली की लोक विसरतील आणि माझ्या मुली परत येतील." बाईंनी अंक टेबलावर ठेवला. "आणि एक सांगू? माझ्या आवाजाने कुणाचं हत्यार पडत नाही. पडलं असतं तर मी तुमच्याकडे आले असते का?"

त्या गेल्यावर बायकोने हातातलं पेन खाली ठेवलं. "मालिका बंद कर," ती म्हणाली.

चित्रकाराने ती बंद करायची ठरवलीच. त्याने शेवटचा भाग काढायला घेतला: गाणारी बेटाच्या टोकावर उभी राहते, सूर लावते, सगळ्यांची हत्यारं पडतात, दात्याचा मुखवटा तडकतो आणि सगळे एका होडीत बसून घरी जातात. होडी त्याने मोठी काढली, कुणी मागे राहू नये म्हणून. कच्ची पानं पाहून संपादिकाबाईंचा फोन आला.

"हे काय? सगळेच घरी?"

"हो."

"अहो, मालिकेचं नाव 'उरेल तो एक' आहे. एवढी माणसं उरली तर वाचकांना काय सांगू? मतदान आलंय. गाणारीच्या विरोधात इतकी मतं पडलीयेत की मोजायला माणूस लावलाय. तुम्हाला जमत नसेल तर कळवा, दुसरा चित्रकार तयार आहे."

तो खिडकीत गेला. खाली सभागृहात सचिवांनी सामुदायिक मतदान ठेवलं होतं. दारासमोर रांग होती. माणसं छान कपडे करून आली होती, म्हाताऱ्यांना हात देऊन आणलं जात होतं. त्याला पाहून सगळ्यांनी वर हात हलवला. साहेबांनीसुद्धा.

चित्रकाराने होडी खोडली.

गाणारीला कसं मारायचं याचा विचार करायची गरज पडली नाही, खाली घडलं तेच त्याने क्रमाने काढलं. फलकावर मनाई लागते, तिचा सूर घशातच अडतो. साहेब "उद्या या" म्हणतो, ती गोठते. काकू थाप मारते, मदतीला धावणारे मागे फिरतात. शेवटी डॉक्टर पुढे होतो. बायकोने फुगे भरायला साफ नकार दिला. त्याने स्वतःच वेड्यावाकड्या अक्षरांत भरले. वाचकांना ही अक्षरं फार आवडली, मरणाची थरथर त्यांत उतरली आहे म्हणून.

बाईंच्या मुली परत आल्या नाहीत. लोक काही विसरले नाहीत. उलट ज्यांनी अंक वाचला नव्हता त्यांनीही या प्रसंगानंतर तो मिळवून वाचला. महिन्याअखेर बाईंनी घर सोडलं. लिफ्टमधून अवजड सामान नेण्यास मनाई असल्यामुळे हमालांनी पियानो जिन्यावरून उतरवला. प्रत्येक वळणावर तो भिंतीला आपटून एक बेसूर आवाज काढत होता. दारं उघडी होती. सगळे उभे राहून निरोप देत होते. "अधूनमधून येत जा हं," काकू म्हणाल्या, आणि त्यांच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. चित्रकार वर कठड्याला टेकून उभा होता. बाईंनी एकदा वर पाहिलं. नमस्कार केला नाही, शिवीही दिली नाही. टेम्पोत पियानोशेजारी बसून त्या निघून गेल्या.

तिसऱ्या खेळासाठी संपादिकाबाईंनी नवी कल्पना काढली. चित्रकाराने शेजारी शोधत बसायचं कारण नाही, वाचकांनाच विचारावं. अंकात निवेदन आलं: 'दात्याकडून तुम्हाला कोणती शक्ती हवी, ते एका ओळीत कळवा.'

संदेशांचा पूर आला. बायको संगणकाच्या पडद्यासमोर बसून ते चाळत होती. शक्तीबद्दल माणसं खरोखरच एका ओळीत लिहीत होती, कित्येक तर 'कोणतीही चालेल' असंच म्हणत होती. त्याच्याखाली मात्र मोठा मजकूर होता. ती कुणावर वापरायची, त्याचं नाव, नातं, राहण्याचा पत्ता, घरी असण्याच्या वेळा, आणि त्याने काय केलं त्याची हकिगत. भावांची नावं होती, वरिष्ठांची होती, वर्गमैत्रिणींची होती, भिंतीला भिंत लागून राहणाऱ्यांची होती.

"हे आपण विचारलं होतं?" बायकोने विचारलं.

"नाही," चित्रकार म्हणाला.

एवढं वाचेपर्यंत तुमच्याही डोळ्यांसमोर कुणीतरी येऊन गेलं असेल. त्याचं नाव कळवायला हरकत नाही. शक्तीचं आम्ही बघून घेऊ.