तिसऱ्या पेडलची गुरगुर

खराब आवाजातलं मला जेवढं कळतं, तेवढं अख्ख्या घाटकोपरात कुणाला कळत नसेल. सत्तरी उलटली तरी हे मी आजही छातीठोकपणे सांगते. मी टेलिफोन खात्यात ऑपरेटर होते. दिवसभर कानात खरखर, घरघर, शिट्ट्या, आणि कुणाच्या लग्नाच्या बोलणीत मध्येच घुसलेले तिसऱ्याच घरचे लोक. लाइनीत पाणी शिरलंय की उंदरानं वायर कुरतडलीय, हे मी नुसत्या 'हॅलो'वरून ओळखायची. म्हणून ८४ साली माझ्या नणंदेला गिटारचं पेडल घ्यायचं ठरलं, तेव्हा ते निवडायची जबाबदारी मी आपणहून अंगावर घेतली. कुणी सांगितलं नव्हतं.

नणंद म्हणजे जयंती, आमची जयू. काय मुलगी होती! दिवसा बँकेत लोकांची पासबुकं भरायची आणि संध्याकाळी पदर कमरेला खोचून इलेक्ट्रिक गिटार वाजवायची. गिटार गळ्यात अडकवली की ती दोन इंच उंच दिसायची. आमच्या घरात तोवर कुणी धड टाळही वाजवला नव्हता. मी तिच्याकडे बघतच राहायची.

जयू कुंदाताईंच्या लेडीज ऑर्केस्ट्रात होती. कुंदाताई म्हणजे कडक बाई. एक दिवस मी जयूसोबत तालमीला गेले होते, तेव्हा म्हणाल्या, "जयंती, नव्या गाण्यात गिटार गुरगुरली पाहिजे. तुझी फार सोज्वळ वाजते गं, सत्यनारायणाला आल्यासारखी."

"त्याला डिस्टॉर्शन पेडल लागतं, कुंदाताई. पायानं दाबायची डबी असते. दाबली की आवाज फाटतो."

"मग आण की. नाहीतर वांद्र्याचे एक बाळ म्हणून आहेत, ते स्वतःच्या पेडलसकट येतात."

"लेडीज ऑर्केस्ट्रात पुरुष?" मी विचारलं.

"पडद्यामागे बसवू. जयंती पुढे उभी राहून नुसती बोटं हलवेल. पब्लिकला काय कळतंय?"

जयूनं गिटार खोळीत घातली. घरी आल्यावर गिटार खाली ठेवत म्हणाली, "वहिनी, दुसऱ्यानं वाजवायचं आणि मी बोटं हलवायची? तसं झालं तर मी ही विकून टाकीन."

"असं कसं होईल? मी आहे ना," मी म्हटलं. इथूनच वाट लागायला सुरुवात झाली.

वांद्र्याच्या एका दुकानात बोटीवरून आलेली तीन पेडलं होती. पण कुंदाताईंना त्याच आठवड्यात कांजिण्या झाल्या, आणि स्वतःच्या कानांनी ऐकल्याशिवाय त्या पसंती देईनात. मग मी शक्कल काढली. जयूनं दुकानात जायचं आणि दुकानातल्या फोनसमोर एकेक पेडल वाजवून दाखवायचं. घाटकोपरला कुंदाताईंच्या घरी रिसीव्हरला एक कान त्यांचा, एक माझा. माझ्या कांजिण्या लहानपणीच उरकल्या होत्या.

कुंदाताई अंगभर पांढरं औषध फासून भुतासारख्या पलंगावर बसल्या होत्या. फोन लागला. जयूनं पहिलं पेडल वाजवलं.

"डब्यात डास कोंडलाय," कुंदाताई म्हणाल्या. "पुढचं."

दुसरं वाजलं.

"हा सर्दी झालेला भटजी. पुढचं."

"आता तिसरं," जयूचा आवाज आला. मग 'खट्' झालं, आणि त्यामागून घर्रर्र करत अशी काही गुरगुर आली, की जणू झोपलेल्या वाघाच्या शेपटीवर कुणी पाट ठेवून जेवायला बसलं.

कुंदाताई पलंगावरून उठल्या. "हेच! पण ते खट् कसलं गं, नलिनी?"

"जयूनं पेडल दाबलं ना, त्याचं."

"लाइन नीट आहे ना?"

"एकदम स्वच्छ. माझी गॅरंटी."

तिसरं पेडल घेतलं. जयूनं ते छातीशी धरून घरी आणलं.

कुंदाताई बऱ्या झाल्यावर त्यांच्याच घरी तालीम ठेवली. जयूनं ऐटीत पाय पुढे केला, पेडल दाबलं, तार छेडली. आवाज फाटला खरा, पण बेताचाच. शिवणीत उसवल्यासारखा.

"हा नव्हे," कुंदाताई म्हणाल्या. "फोनवर वाघ होता. ही मांजर आहे."

"पेडल तेच आहे, कुंदाताई."

"मग तुझ्या बोटांत दम नाही. चहा टाकते, आणि बाळना फोन करते." त्या आत गेल्या.

जयूनं सगळी बटणं फिरवून पाहिली. मांजर काही केल्या मोठी होईना. मला दुकानदाराचा संशय आला. नक्की डबी बदलली असणार! मी तिथेच दुकानाचा नंबर फिरवला. 'खट्' झालं. आणि घर्रर्र...

जयू माझ्यासमोर बसलेली, पेडल तिच्या पायाशी, आणि वाघ फोनमध्ये.

"हॅलो?" मी म्हटलं.

वाघ थांबला. "कोण ता?" एका बाईनं मालवणीत विचारलं.

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. क्रॉस कनेक्शन! ज्या 'खट्'वर मी रोज दहा लोकांना 'लाइन क्रॉस झालीय, फोन ठेवा' असं सांगायची, तेच ते खट्.

"बाई, तुमच्याकडे आत्ता कसला आवाज येत होता हो?"

"मिक्सराचो. पातां बोथट झालां हा. खोबरां घातलां की असोच आरडता. तुमका कोण होया?"

मी रिसीव्हर हातानं झाकला आणि जयूला सगळं सांगितलं. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं वाटत होतं. वाटलं, जयू ओरडेल, रडेल, निदान मला चार शब्द सुनावेल. तिनं फक्त हात पुढे केला. "द्या इकडे."

"नमस्कार. मी जयंती. आपलं नाव काय?"

"शेवंती."

"शेवंतीताई, अजून खोबरं शिल्लक आहे का?"

"वाटीभर आसा. कित्याक?"

"घाला ना मिक्सरमध्ये. आणि फोन जवळ धरा."

शेवंतीबाईंना काय वाटलं देव जाणे, पण त्यांनी मिक्सर लावला. जयू डोळे मिटून ऐकत होती. "वहिनी, हा नुसता फाटलेला नाहीये. आधी अडखळतो, मग खोबरं बारीक होत जातं तसा मोकळा होत वर चढतो." तिनं माझ्याकडे रिसीव्हर दिला, सगळ्यात जाड तार थोडी उतरवली, तळहाताची कड तारांवर दाबून धरली आणि वाजवायला सुरुवात केली. मग वाजवता वाजवता तो हात हळूहळू उचलला.

वाघ! तोच, आणि आता तो आमच्या खोलीत होता. भांडी खणखणली, खिडकीची काच थरथरली.

फोनमधून शेवंतीबाई म्हणाल्या, "अगे, तुमच्याकडेव मिक्सर आसा?"

कुंदाताई चहाचा ट्रे घेऊन धावत आल्या. "हाच तो! पेडल तेच आहे, मी म्हटलं नव्हतं? माझा कान चुकत नाही."

"नाही चुकत," जयू गंभीरपणे म्हणाली. मी फोन ठेवला.

तरीही मुलुंडच्या एका मंडळाच्या कार्यक्रमात कुंदाताईंनी धोका पत्करला नाही. जयूला न सांगता बाळना पडद्यामागे आणून बसवलंच. बाळ म्हणजे चाळिशीचा, झुपकेदार मिशांचा माणूस. जयूनं पडद्याच्या फटीतून त्याला पाहिलं, तिचा चेहरा उतरला. पण गाण्यात तिची जागा आली तशी तिनं पेडलवर पाय दिला, आणि ती गुरगुर अशी चढत गेली की मांडवातली तान्ही पोरंसुद्धा रडायची थांबली. शिट्ट्या, टाळ्या, वन्समोर!

तेवढ्यात मंडळाचे सेक्रेटरी दत्ताराम शाल-नारळ घेऊन स्टेजवर आले. त्यांना पडद्यामागची भानगड कुठूनतरी कळली होती. त्यांनी पडदा सारला आणि बाळना दंडाला धरून पुढे आणलं. "मंडळी, खरा कलाकार इथे लपलाय!"

मांडवात कुजबुज सुरू झाली. जयू दगडासारखी उभी.

बाळनी माईक घेतला, दुसऱ्या हातानं स्वतःच्या गिटारची सुटी वायर वर धरली. "अहो, या बाईंचं पहिलं गाणं ऐकलं आणि मी वायर काढून ठेवली. मी पण ऐकतच बसलो होतो."

जयूनं उत्तर म्हणून गिटारवर एकटीनं एकदाच ती गुरगुर काढली. सगळा मांडव उठून उभा राहिला.

दत्तारामांनी घाईघाईनं शाल तिच्याकडे वळवली. पण तिचे दोन्ही हात तारांवर. तिनं पहिल्या रांगेतल्या मला मानेनं खुणावलं. मी ताठ मानेनं स्टेजवर चढले. शेवटी आवाजाच्या निवडीत माझाही वाटा होताच की! दत्तारामांनी शाल माझ्या खांद्यावर घातली आणि माईकवर जाहीर केलं, "जयंतीताईंच्या वतीनं हा सत्कार स्वीकारताहेत त्यांच्या पूज्य मातोश्री!"

मी जयूपेक्षा फक्त चार वर्षांनी मोठी.

आणि ती मेली, ओठ दाबत, गिटार सावरत, सगळ्या मुलुंडसमोर वाकून माझ्या पाया पडली. मग काय करणार? मी आशीर्वाद देऊन टाकला.