चंदासिस्टरांची सीट

पुसदमधल्या तीन सायकल मिस्त्र्यांना चंदासिस्टर लांबून येताना दिसल्या की हातातला पाना खाली ठेवून ते चहाला निघून जात. कारण एकच, सीट. सिस्टरांच्या लेडीज सायकलला नवी सीट बसवायची होती, आणि ती बसवून घेण्याचा कार्यक्रम पोळ्यानंतर सुरू झाला तो दिवाळी तोंडावर आली तरी संपला नव्हता. गंमत म्हणजे त्या सायकलवर सिस्टरांना बसलेलं गेल्या दोन वर्षांत कुणी पाहिलं नव्हतं. त्या सायकल हातात धरून चालत. जाताना चालत, येतानाही चालत.

"सिस्टर, हवा गेली काय?" असं कोपऱ्यावरच्या पानटपरीवाल्याने विचारलं, तर न थांबता म्हणायच्या, "तुही गेली काय?"

मी त्यांचा शेजारी. शाळेत मराठी शिकवतो. आमच्या दोन घरांमध्ये कमरेएवढी भिंत आहे, आणि तिच्यावरून सिस्टर मला रोज सकाळी काहीतरी सुनावतात. सुनावायच्या, असं आता म्हणायला हवं.

मूळ नाव चंद्रकला. जन्म पुसदजवळच्या एका तांड्यावरचा. चौतीस वर्षं त्यांनी नर्स म्हणून नोकरी केली, ती सायकलच्या कॅरिअरला लसीचा डबा बांधून तांड्यातांड्यांवर फिरत. तांड्यावर बंजाऱ्यांची गोरबोली, गावात वऱ्हाडी आणि डॉक्टरांशी हिंदी. तिन्ही भाषांत त्यांचा आवाज सारखाच चढा. लग्न एकदा झालं होतं. ते एक पावसाळा टिकलं. "थो म्हणे सायकल सोड. म्या त्याले सोडलं," एवढाच त्यांच्या संसाराचा इतिहास त्या सांगत, आणि वर विचारत, "अजून काय पाह्यजे?"

एखाद्याला लागेल असं बोलून झालं की त्या म्हणत, "झालं. चोळून घ्या." सुई टोचल्यावर पोराच्या आईला सांगावं तशा सुरात. मी एकदा शाळेच्या वार्षिक अंकात छापून आलेली माझी कविता त्यांना हौसेने वाचून दाखवली. त्यांनी शांतपणे ऐकली. म्हणाल्या, "सर, तुम्हाले नेमकं दुखते कुठं, थे याच्यात समजत नाही. कुठंच दुखत नसन. झालं, चोळून घ्या." मी आठ दिवस चोळत होतो.

सीट घ्यायला त्या माझ्याच स्कूटरवर आल्या. मागे चढायला त्यांना वेळ लागला. मी ते वयावर ढकललं. एकाहत्तर म्हणजे काही कमी वय नाही.

दुकानदाराने चांगली जाड सीट पुढे केली. "ही घ्या बाई, गादीवानी आहे. खाली स्प्रिंग आहे."

सिस्टरांनी सीट काउंटरवर ठेवून घेतली, तिच्यावर पंजा टेकवला आणि अंगाचा सगळा भार त्या हातावर टाकला. सीट दबली.

"नाही पाह्यजे. दबते."

"बाई, दबायसाठीच असते थे."

"माणसं दबतात थेवढं पुरे हाय. न दबणारी दाखव."

अकरा सीटा दाबून झाल्या. शेवटी त्यांनी जी पसंत केली ती दुकानाच्या माळ्यावर धूळ खात पडली होती. स्प्रिंग नाही, फोम नाही, दगडासारखी कडक. दुकानदाराने ती कागदात गुंडाळून दिली आणि माझ्याकडे असं पाहिलं, की यांची जबाबदारी आता तुमच्यावर.

मग मिस्त्र्यांचं पर्व. पहिल्याने सीट पाच मिनिटांत बसवली, पाय जमिनीला टेकेल अशा बेताने. सिस्टर म्हणाल्या, अजून वर. त्याने वर केली. अजून वर. तो म्हणाला, "आजी, पाय टेकणार नाही. पडसान."

"पाय माहा, पाना तुहा. आपापलं सांभाळ."

दुसऱ्याने लांब पाइप टाकून उंची वाढवून दिली, तेव्हा सीटचं नाक त्यांना खटकलं. ते जरा वर पाहिजे. इतकं वर नाही. जरासं खाली. त्याने बोल्ट सैल केला, आवळला, सैल केला, आवळला, आणि शेवटी पाना सिस्टरांच्याच हातात देऊन दुकानाचं शटर खाली ओढलं. तिसऱ्याकडे तक्रार अशी, की सीट डावी-उजवी हलते. हलत नव्हती. मी स्वतः धरून पाहिली. पण सिस्टर तिला सगळा जोर लावून पिळत आणि म्हणत, "हे पाहा, हलली." त्या मिस्त्र्याने बोल्ट इतका आवळला की त्याचे आटेच गेले, आणि ते गेल्याचं खापर त्याने सिस्टरांवर, सिस्टरांनी त्याच्यावर आणि दोघांनी मिळून माझ्यावर फोडलं, कारण सायकल मी धरली होती.

घरी मोजणी चाले ती वेगळीच. सिस्टरांकडे लहान पोरांचा दंड मोजायची तांबड्या-पिवळ्या-हिरव्या रंगाची पट्टी होती, नोकरीतली. रविवारी अंगणात मला सायकल धरून उभं करत आणि त्या पट्टीने सीटची उंची घेत. एक पट्टी, दुसरी पट्टी, वर दोन बोटं. मी विचारलं, "सिस्टर, बसून एकदा पाहा ना." त्या म्हणाल्या, "तुम्ही सायकल धरा. इच्चारायचं काम पोरायले शाळेत करा."

चौथा मिस्त्री इस्माईलचाचा. वय सिस्टरांच्याच आसपासचं, बसस्टँडमागे एका निंबाखाली त्यांचं दुकान. मी बरोबर गेलो होतो, भांडण झालं तर निदान सायकल घेऊन निघता यावं म्हणून. चाचांनी सीटकडे पाहिलंच नाही. त्यांनी सिस्टरांच्या चपलांकडे पाहिलं. डाव्या पायातली टाचेला पार झिजलेली होती, उजवी जवळजवळ नवी.

"बाई, जरा चलके दिखाव. सायकल छोडके."

मला वाटलं, आता चाचांची धडगत नाही. पण सिस्टरांनी सायकल माझ्या हातात दिली. त्या निंबापासून रस्त्यापर्यंत चार पावलं चालल्या आणि परत चार. मी त्यांना सायकलशिवाय चालताना तेव्हा पहिल्यांदा नीट पाहिलं. उजवा गुडघा प्रत्येक पावलाला आत मोडत होता. शेवटच्या पावलाला त्यांनी निंबाचा बुंधा धरला.

चाचांनी सायकल त्यांच्याजवळ आणली. डावा हात हँडलवर ठेवायला सांगितला, उजवा सीटवर. मग पाना घेऊन बसले आणि सीट केसाकेसाने वर घेत विचारत राहिले, "यहाँ? यहाँ, बाई?"

"हाव. इथं."

त्यांनी बोल्ट आवळला, त्यावर दुसरा नट चढवला, नाक किंचित वर केलं, म्हणजे तळवा घसरू नये. सिस्टरांनी सगळा भार टाकला. सीट जागची हलली नाही. दोन महिन्यांत पहिल्यांदा कुणाशी भांडण न करता त्या दुकानातून निघाल्या.

परत येताना मी स्कूटर ढकलत त्यांच्या बाजूने चालत होतो. त्यांनीच सांगितलं. दोन वर्षांपूर्वी मोरीत पाय घसरला, गुडघा गेला. डॉक्टरांनी वॉकर सांगितला होता.

"मग वापरायचा," मी म्हणालो.

"वॉकर धरून निघालं का माणूस पेशंट होते, सर. सायकल धरून निघालं का ड्युटीवर असते. चौतीस वर्षं या गावचे लोक म्या पेशंट म्हणून पाह्यले. आता त्याहिनं मले पाहाचं काय?" मग सायकल पुढे रेटत, "सुभाषले सांगू नोका."

सुभाष म्हणजे त्यांच्या भावाचा मुलगा, अमरावतीला असतो. वाईट माणूस नाही. आत्याने आता एकटं राहू नये, आपल्याकडे यावं, असं तो दर रविवारी फोनवर म्हणे, आणि त्या दर रविवारी त्याला सांगत, "म्या रोज सायकल चालवतो, मले काय धाड भरली?" मी शब्द दिला.

तो शब्द एक महिना टिकला. सिस्टरांच्या लग्नापेक्षाही कमी.

त्या दिवशी सकाळी कालव्याच्या रस्त्यावर बारीक गिट्टीवरून सायकल घसरली आणि सिस्टर तिच्यासकट पडल्या. मी फिरायला निघालो होतो, मागेच होतो. उठवायला गेलो तर म्हणाल्या, "पाहू नोका. तिकडं तोंड करा." मी तिकडे तोंड करून उभा राहिलो आणि मागे त्या सायकलीला धरून उठत असल्याचा आवाज ऐकत राहिलो. बराच वेळ लागला. दुपारी नेमका सुभाष आला. आत जाण्याआधी त्याने मला फाटकाशी गाठलं. "सर, आत्या सायकल चालवते म्हणते. खरं हाय काय?"

तीस वर्षं मी वर्गात खरं बोला म्हणून शिकवत आलो. माझ्या स्वतःच्या आयुष्यात खरं बोलायचे कितीतरी प्रसंग आले. मुख्याध्यापकांसमोर आले, भावांसमोर आले. तेव्हा मी गप्प राहिलो. त्या दिवशी मात्र मी सगळं सांगितलं. दुसऱ्याच्या जिवावर खरं बोलणं किती सोपं असतं, ते मला तेव्हा कळलं नाही. उलट मला हलकं वाटलं.

सुभाषने संध्याकाळच्या आत वॉकर आणला. सायकल एका 'छोटा हत्ती' टेम्पोत टाकून घेऊन गेला, नव्या सीटसकट. अमरावतीला यायला मात्र सिस्टरांनी साफ नकार दिला. त्याने फार ओढाताण केली नाही. त्याला वाटलं, सायकल गेली, आता पडायची भीती नाही. ते बरोबरच होतं. सिस्टर पडल्या नाहीत. त्या घराबाहेरच पडल्या नाहीत. वॉकर ओट्यावर उभा असायचा आणि त्याच्यावर धुतलेली लुगडी वाळत असायची. भिंतीवरून मी हाक मारली की आतून खिडकी लागायची. बायकोने संक्रांतीचा तिळगूळ नेला, तो त्यांनी घेतला आणि डबा घासून परत दिला. मी नेला असता तर घेतला नसता, असं बायको म्हणाली. ती हल्ली खरं बोलायला लागली आहे.

असा दीड महिना गेला. एका सकाळी एक अनोळखी बाई माझ्या फाटकाशी आली. तांड्यावरची, हातात कापडी पिशवी, डोळे तारवटलेले. तिला मराठी जेमतेम येत होतं.

"सायकलवाली याडी इथं राह्यते काय?"

याडी म्हणजे आई. मी विचारत गेलो तसं कळलं. तिची मुलगी सरकारी दवाखान्यात बाळंतपणासाठी होती, पहिलीच खेप, फार घाबरलेली. वॉर्डातल्या आयाबाईने हिला सांगितलं होतं, की एक म्हातारी सायकल घेऊन रोज दुपारी येते, तांड्यावरच्या पोरींजवळ बसते, डॉक्टर काय म्हणतात ते त्यांना त्यांच्या बोलीत सांगते, त्यांचं डॉक्टरांना सांगते. दोन वर्षं येत होती. दीड महिन्यापासून आली नाही.

इतके दिवस सिस्टर दुपारी जातात कुठे, हे मी कधी विचारलं नव्हतं. मी त्यांची सीट तेवढी पाहिली होती.

मी दार वाजवलं आणि बाजूला झालो. दार हातभर उघडलं. त्या बाईने बोलायला सुरुवात केली, सिस्टरांनी मध्येच दोनतीन प्रश्न विचारले, सगळं गोरबोलीत. मग त्या आत गेल्या आणि केस विंचरून, पिशवी घेऊन बाहेर आल्या. वॉकरवरची लुगडी काढली, घडी करून ओट्यावर ठेवली, आणि वॉकर धरून रस्त्यावर उतरल्या.

पानटपरीवर पाचसहा जण होते. सगळे वळून बघू लागले. सिस्टर त्यांच्यासमोरून गेल्या, मान ताठ, प्रत्येक पावलाला वॉकर उचलून पुढे टेकवत. मी मागून चाललो होतो. रिक्षा बोलावू का, असं विचारलं. दीड महिन्यात त्या माझ्याशी पहिल्यांदा बोलल्या.

"ही बाई काल संध्याकाळपासून उपाशी हाय. घरी भाकर असन तर आणा. माह्याशी बोलाचं काम नाही."

मी घरी धावत गेलो. भाकरी आणि बेसन घेऊन दवाखान्यात पोचलो, तेव्हा सिस्टर वॉर्डात खाटेच्या कडेला बसल्या होत्या. त्या मुलीचं डोकं त्यांच्या मांडीवर होतं आणि त्या तिच्या कपाळावरून हात फिरवत काहीतरी पुटपुटत होत्या. मला शब्द कळले नाहीत. आवाजही मी ओळखला नाही, इतका तो खालचा होता. चौदा वर्षं मी त्यांच्या शेजारी राहतो.

त्यांनी मान वर केली. "सर, हा बायकायचा वॉर्ड हाय. भायेर व्हा."

मी बाहेर झालो. जेवणाचा डबा बाईला दिला आणि व्हरांड्यातल्या बाकावर बसलो. शाळेला फोन करून रजा टाकली. चारच्या सुमाराला आतून बाळाच्या रडण्याचा आवाज आला. पाच वाजता सिस्टर बाहेर आल्या, मला पाहिलं, आणि तशाच पुढे चालू लागल्या. मी दहा पावलं मागे.

फाटकाशी त्या थांबल्या. मागे न बघता त्यांनी वॉकरवरचा एक हात सोडला आणि खांद्यावरची पिशवी काढून बाजूला धरली. मी पुढे होऊन ती घेतली.

त्यांनी मला माफ केलं, असं मी समजत नाही. पिशवी जड होती.