पाच मिनिटांचं मटण

बुधवारी दुपारी चार वाजता, जिनिंग मिलच्या आवारात कापसाची गाठ ढकलता ढकलता, धनाने ठरवलं की आज संध्याकाळी भाऊचं मोसंबीतलं डुकराचं मटण आपण करायचं. धनाचे मोठे निर्णय गाठ ढकलतानाच व्हायचे आणि गाठ ट्रकवर चढली की विसरले जायचे. त्या दिवशी गाठ अर्ध्या फळीवर अडकली आणि निर्णय पक्का झाला. (पुढे जे घडलं त्याचा दोष द्यायचाच तर त्या गाठीला द्यावा. धना तरी अजून तेच म्हणतो.)

भाऊ म्हणजे डोंगरसिंग, धनाचा सख्खा थोरला भाऊ. ट्रक चालवायचा. उंच, रुंद, आणि आवाज असा की हॉर्न बिघडला तरी गाडी अडायची नाही. दोन महिन्यांपूर्वी आठ दिवसांच्या काविळीने गेला. एवढा मोठा माणूस आठ दिवसांत एवढासा कसा होतो, हे धनाला कळत नव्हतं. कोणी समजवायला बसलं की तो उठून रुळांकडे चालायला लागायचा. यंदा घरचे होळीलाही गावी गेले नाहीत. भाऊचं घड्याळ तेवढं धनाने मनगटात घातलं होतं. ते त्याला मोठं व्हायचं. हात वर केला की कोपराकडे घसरायचं, खाली सोडला की तळव्यावर यायचं, आणि किती वाजले ते बघण्याआधी घड्याळ कुठे आहे ते बघावं लागायचं.

दर बुधवारी डोंगरसिंगचा ट्रक उभा असायचा. त्या संध्याकाळी नरडाणा स्टेशनामागच्या चाळीत त्याचा खेळ चालायचा. आसामकडच्या एका ड्रायव्हरने त्याला ढाब्यावर हे मटण शिकवलं होतं. डोंगरसिंग दारातच पंपाचा स्टोव्ह मांडायचा, डोक्याला पंचा बांधायचा, लोखंडी कढई चढवायचा आणि ओरडायचा, "धना, घड्याळ!" मग घड्याळ धनाच्या हातात. धना मिनिटं मोजायचा आणि बरोबर पाचव्या मिनिटाला चाळभर मोसंबी, लसूण आणि तिखटाचा वास पसरलेला असायचा. शेजारचे शालिग्राम आबा, रेल्वेतून निवृत्त झालेले, गळ्यात माळ घालणारे. तेसुद्धा उंबऱ्याच्या एक वीत अलीकडे स्टूल टाकून बसायचे. वासाने माळ बाटत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं.

तर कृती धनाला तोंडपाठ होती. शाळा चौथीत सुटली, पण हे पाच मिनिटांचं शिक्षण त्याने चार वर्षं घेतलेलं. पहिल्या मिनिटाला तेल, दुसऱ्याला लसूण-मिरची, तिसऱ्याला मटण, चौथ्याला मोसंबीचा रस आणि साल, पाचव्याला उतरव. यात न कळण्यासारखं काय होतं?

आणि करायला हवंच होतं. कारण उद्या सकाळी वहिनी जाणार होती.

जमना वहिनी या घरात आली तेव्हा धना सहा वर्षांचा होता आणि त्याला आई नव्हती. त्याच्या डोक्यातल्या उवा तिनेच काढल्या, त्याला शाळेत तिनेच ओढत नेलं, आणि चौथीत शाळा सुटली तेव्हा मास्तरांशी तिनेच भांडण केलं. (चूक धनाची होती. तरी तिने केलं.) भाऊ गेल्यापासून ती चतकोर भाकरीवर उठायची. मागल्या रविवारी म्हणाली, "आठे ऱ्हाईसन काय करू?" आणि सातपुड्याच्या पायथ्याला, माहेरी निरोप धाडला. तिच्या लुगड्यांचं गाठोडं बांधून दाराशी तयार होतं. जाऊ नको, हे दोन शब्द धनाने गेले तीन दिवस तोंडात घोळवले होते. ते काही बाहेर पडत नव्हते. मटण रांधणं त्यापेक्षा सोपं वाटलं.

ती सोबतच्या मजुरणींचा निरोप घ्यायला शेतावर गेली होती, सातपर्यंत येणार होती. धना सुटीचा भोंगा व्हायच्या आधीच सटकला आणि नाल्यापलीकडे झिपरूकडे गेला. झिपरू बुधवारी डुक्कर कापायचा. त्याने विचारलं, आज वहिनी नाही आली? धनाला प्रश्नाचं नवल वाटलं. वहिनीचा इथे काय संबंध? झिपरूने किलोभर तुकडा तोलला आणि बारीक कापून देऊ का म्हणून विचारलं. धना ऐटीत म्हणाला, काही गरज नाही, ते घरी होतं.

होतंच की घरी. त्याने चार वर्षांत कधी मोठा तुकडा पाहिलाच नव्हता. तिसऱ्या मिनिटाला भाऊ हात मागे करायचा तेव्हा परातीत कागदासारख्या पातळ फोडी तयार असायच्या.

साडेसहाला स्टोव्ह दारात आला. तो फरफरल्याबरोबर आबा स्टूल घेऊन आले. दोन महिन्यांत तो आवाज चाळीने ऐकला नव्हता. आबांनी माळ सारखी केली, घसा साफ केला. धनाने डोक्याला भाऊचा पंचा बांधला. तोही डोळ्यांवर येत होता.

"घड्याळ कोण पाहीन?" आबांनी विचारलं.

"मीच," धना म्हणाला, आणि घड्याळ कोपराजवळून ओढून खाली आणलं.

पहिलं मिनिट उत्तम गेलं. तेलात गोंधळ घालण्यासारखं काही नसतं. दुसऱ्या मिनिटाला त्याच्या लक्षात आलं की लसूण सोललेला नाही. वेळ नव्हता, अख्खे गड्डे गेले. तिसऱ्या मिनिटाला त्याने सवयीने हात मागे केला आणि हाताला किलोभराचा एकसंध, चामडीसकट तुकडा लागला. विळी कुठे आहे हे शोधण्यात अर्धं मिनिट गेलं. मिळाली तेव्हा दोन घाव घालून त्याने तुकड्याचे तीन केले. मुठीएवढे ते तीन गोळे कढईत पडले आणि कढई फटाक्यांच्या माळेसारखी उडायला लागली. आबा स्टुलासकट एक हात मागे सरकले. (माळेचा प्रश्न आता वासापुरता उरला नव्हता.) चौथ्या मिनिटाला सहा मोसंब्या. धनाने त्या धोतरासारख्या पिळल्या, बिया आत, पांढरा गर आत, आणि भाऊ साल घालायचा म्हणून सालही हाताने फाडून आत.

घड्याळ म्हणालं, पाच.

पाचव्या मिनिटाला डोंगरसिंग कढईवरची नजर न काढता डावा हात बाजूला करायचा, आणि हातात सांडशी यायची. धनानेही कढईवरची नजर न काढता डावा हात बाजूला केला.

काही आलं नाही.

हात तसाच राहिला. कढईतून धूर निघत होता, आबा काहीतरी सांगत होते, आणि धना त्या रिकाम्या हाताकडे बघत होता. सांडशी कुठून यायची, हे त्याने कधी पाहिलंच नव्हतं. त्याचे डोळे घड्याळावर असायचे.

मग पाचाचं साडेपाच होऊ नये म्हणून त्याने डोक्याचा पंचा ओढला, कढईचे कान धरले आणि उचलली. पंचा घामाने ओला होता. वाफेने बोटं भाजली, घड्याळ धाडकन तळव्यावर आलं, आणि कढई हातातून सुटून दाराशी पालथी झाली. नेमकी गाठोड्यावर. चरबी, तेल, रस, अख्खा लसूण. सगळं चार लुगड्यांनी शांतपणे पिऊन टाकलं. एक गोळा घरंगळत अंगणात गेला आणि दोन पावलांपाशी थांबला.

ती पावलं वहिनीची होती.

जमनाने गाठोड्याकडे पाहिलं, धनाकडे पाहिलं, पायाशी पडलेल्या गोळ्याच्या चामडीकडे पाहिलं. खाली वाकून कढईत अडकलेला एक तुकडा काढला, दाताने तोडला.

"कच्चं शे."

मग सालीचा एक तुकडा चाखला आणि तिचं तोंड असं झालं की आबांनी दुसरीकडे पाहिलं.

"डोंगरसिंग तर पाच मिनिटमा करे," आबा म्हणाले. त्यांना मदत करायची होती.

"मटण कोण कापे?" जमनाने धनाला विचारलं.

"कापेलच ऱ्हाये."

"आन् साल?"

धनाने घड्याळाकडे पाहिलं. घड्याळाला माहीत नव्हतं.

मग खाली बसून, लुगडी एकेक सोडवत, तिने सगळं सांगितलं. आदल्या संध्याकाळपासून सुरू व्हायचं ते. झिपरूकडून पाठीचा तुकडा सांगून ठेवायचा. बुधवारी पहाटे आणून चामडी काढायची, मिठाच्या पाण्यात एक उकळी द्यायची, निवलं की पातळ फोडी करायच्या, त्या दिवसभर मोसंबीच्या रसात. सालीचा पांढरा गर पात्याने खरवडायचा, साल तीनदा पाणी बदलून उकळायची, नाहीतर विषासारखी लागते. लसूण सोलायचा, परातीत मांडून द्यायचं, आणि पाचव्या मिनिटाला सांडशी घेऊन डाव्या बाजूला उभं राहायचं.

धनाला भाऊचा राग यायला हवा होता. तो आला नाही, भाऊच आठवला.

"मंग भाऊ काय करे?"

"पाच मिनिट," जमना म्हणाली. "मी रांधू, तो नाचे. लोके नाचणारले पाहेत." पुढचं लुगडं सोडवत म्हणाली, "माले बी तेच पाहानं ऱ्हाये."

एवढं म्हणून ती हसायला लागली, आणि ते हसणं मध्येच दुसरीकडे वळलं. आबा स्टूल उचलून घरी गेले. धना भाजलेली बोटं तोंडात घालून बसला आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा रुळांकडे गेला नाही.

सकाळची एसटी अर्थातच चुकली. गाठोड्याला असा वास असताना कंडक्टरने तिला चढूच दिलं नसतं. तिने लुगडी धुतली. चैत्राच्या उन्हात नरडाण्याला लुगडं पिळेपर्यंत वाळतं, तरी तिने संध्याकाळी वास घेऊन पाहिला आणि म्हणाली, "आजून वास येस." शुक्रवारी पुन्हा धुतली. त्या दिवशीही वास होता, शनिवारीही. रविवारी ती पाण्याला गेलेली असताना धनाने चारही लुगडी नाकाला लावून पाहिली. फक्त साबणाचा वास होता. हे त्याने कोणालाही सांगितलं नाही. (धनाने गुपित पोटात ठेवल्याची ही पहिलीच नोंद.)

मंगळवारी तिने त्याला हुकूम सोडला, उद्याची सगळी तयारी तू करायची. बुधवारी त्याने खाडा केला. पहाटेपासून चामडी काढली, फोडी केल्या, दोनदा टाकून दिल्या, परत केल्या. साल खरवडून बोटांची साल गेली, आणि त्यावर मोसंबीचा रस. गावभरचं पाणी त्याच्या एकट्याच्या डोळ्यांतून वाहत होतं. संध्याकाळी साडेसहाला तो ओट्यावर बसला तेव्हा त्याला उभं राहता येत नव्हतं.

जमनाने डोक्याला पंचा बांधला. तो तिला नीट बसला. ती नाचली नाही, पण कढई नाचली. फोडी हवेत गेल्या आणि परत आल्या, आणि तिचा डावा हात नजर न काढता बाजूला झाला. धनाने लंगडत जाऊन त्यात सांडशी ठेवली. घड्याळ बघायचं राहिलंच.

तिने पोटभर भाकरी खाल्ली, दीड.

आबा उंबऱ्याच्या एक वीत अलीकडे बसून बराच वेळ वास घेत होते. शेवटी मान डोलावून म्हणाले, "जमना, तू तं तेनापेक्षा तेज निंघनी. पाच मिनिट बी नही लागनात." मग ओट्यावर आडव्या पडलेल्या धनाकडे बोट करून हळूच विचारलं, "पन हाऊ आज कामले नही गया. दिनभर घरमा बठीसन हाऊ करस तरी काय?"