तोंड ओळखणारा कॅमेरा

आमोदच्या माहितीपटात आमोद असायचाच. मुठा नदीवर फिल्म केली, तेव्हा नदीपेक्षा त्याचं जॅकेट जास्त दिसलं. चिमण्यांवर केली, तर चिमण्या भुर्रकन उडून गेल्या आणि पडद्यावर हाच उरला. एकट्याने काम करतो, कॅमेरामन कुठून आणू, असं तो सांगे. खरं म्हणजे स्वतःला पडद्यावर बघायची त्याला भारी हौस!

यंदा मात्र विषय घरचा होता. शनिवार पेठेतलं पेटीदुरुस्तीचं दुकान बाबा कायमचं बंद करणार होते. वयामुळे त्यांचे हात थरथरायला लागले होते. शेवटची पेटी सुरात लावायची, गिऱ्हाइकाच्या हवाली करायची, की संपलं. असा दिवस पुन्हा येणार नव्हता.

"ही फिल्म फक्त बाबांची," आमोदने बायकोला, स्पृहाला, शपथेवर सांगितलं.

त्यासाठी त्याने नवा स्टँड आणला. एकदा चेहरा दाखवून ठेवला, की हा पठ्ठ्या त्या माणसामागे कॅमेरा आपणहून फिरवी. खोकं उघडल्या उघडल्या आमोदने हौसेने स्वतःचाच चेहरा दाखवून पाहिला आणि तो पुसायचा राहिला.

दुकानात बाबांनी मांडी घातली. भाता हलवून सूर ऐकला, रीड काढून हलकेच घासली. दोन प्रश्न विचारून आमोद मोठ्या मनाने बाजूला झाला. कॅमेराही झाला. आमोद दाराशी गेला, तर कॅमेरा दाराकडे वळला.

"अरे, ते तुझ्याकडे बघतंय," बाबा म्हणाले.

"बाबा, प्लीज! कॅमेऱ्याकडे नका ना बघू. नॅचरल राहा."

बाबांनी पुन्हा पेटीत डोकं घातलं. पुण्याचा माणूस एकदाच सांगतो.

संध्याकाळपर्यंत पेटी गेली, हत्यारं खडकीच्या एका कारागिराकडे गेली आणि किल्ली जागामालकाकडे.

रविवारी वारज्याच्या फ्लॅटमध्ये सगळे टीव्हीसमोर बसले. पडद्यावर आमोद केस सारखे करत होता. मग आमोद दाराशी. मग आमोद जांभई देताना. मागे कुठेतरी पेटी हळूहळू सुरात येत होती. बाबांचं म्हणून जे दिसलं, ते एक कोपर.

"यांना कुठे ठेवलंयस रे?" आईने विचारलं.

आमोदला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "बाबा, चुकलंच माझं. परत करू या आपण."

"परत बंद करायचं, तर आधी उघडावं लागेल," बाबा म्हणाले. "सूर मात्र स्वच्छ आलाय हो."

आमोदचे डोळे भरून आले. "त्या दिवशी कुणीच फोनवर काही काढलं नाही का हो?"

बाबांनी संकोचत खिशातून आपला फोन काढला. "मी काढलाय एक व्हिडिओ. जरा हललाय."

आमोदने झडप घालून तो लावला. थरथरत्या चित्रात तो स्वतःच वाकून स्टँडशी झगडत होता, आणि मागून बाबांचा आवाज गिऱ्हाइकाला सांगत होता, "आमचा मुलगा. फिल्म करतो."

आमोदने तो पुन्हा एकदा शेवटपर्यंत पाहिला. त्यातही बाबा कुठेच नव्हते.