सुस्तपाऱ्यासमोर रडायचं नाही

ओर्वान टेस्क वारले त्याच्या तिसऱ्या दिवशी दुपारी त्यांची मुलगी मिलेव तळघरात रांजणापाशी बसून भिंतीच्या विटा मोजत होती. मोठ्याने. तीनशे अकराव्या विटेला तिचा आवाज जरा कापला आणि रांजणातला सुस्तपारा बोटभर वर आला. तिने पुन्हा एकपासून सुरुवात केली.

सुस्तपारा कंटाळलेला असेपर्यंत निरुपद्रवी असतो. ओर्वाननी त्याला एकतीस वर्षं रोज कंटाळा आणला होता. त्यांच्याइतका रटाळ बोलणारा किमयागार संघात दुसरा नव्हता, असं लोक आदराने म्हणत. भांडण, गाणं हे पाऱ्याला थोडंफार चालतं. दुःख मात्र मुळीच सोसत नाही. पलीकडच्या वस्तीत एका किमयागाराची बायको अशाच रांजणाशेजारी हुंदका देऊन रडली, तेव्हापासून तिथला घंटेचा मनोरा उलटा उभा आहे. घंटा वाजवणारा रोज शिडी लावून खाली चढतो.

पण टोरमेल गावात माणूस नुसता मरून भागत नाही. तिसऱ्या दिवशी सूर्य मावळायच्या आत, त्याच्याच छपराखाली, शोकनिरीक्षकाच्या देखत घरातल्या कोणाला तरी त्याच्यासाठी रडावं लागतं. नाहीतर मयताची नोंद ‘परगावी’ अशी होते आणि पुलाच्या कठड्यावर त्याचं नाव कोरत नाहीत. मिलेवच्या ग्रोझाआत्याचा नवरा बावीस वर्षं परगावी होता. आत्याला अजून रोज त्याचं ताट वाढावं लागे. तसा कायदाच होता.

पहिल्याच दिवशी मिलेवने संघाला निरोप पाठवला होता, की रांजण हलवा, म्हणजे आम्हाला रडता येईल. संघाचं उत्तर आलं, की मयताचा रांजण शोकाच्या दाखल्याशिवाय हलवता येत नाही. दाखला आणा, लगेच हलवू.

दुसऱ्या दिवशी आत्याने माळ्यावर जाऊन, तोंडात बोळा कोंबून रडून पाहिलं. तळघरातून गुरगुर आली आणि स्वयंपाकघरातली सगळी भांडी छताला जाऊन चिकटली. लापशीचं पातेलं लापशीसकट. तेव्हापासून दोघी सुके मासे चावत होत्या. शेजारपाजारचे भेटायला आले, त्यांना मिलेवने दारातच सांगितलं, की बाबांबद्दल चांगलं काही बोलू नका. त्यांनी प्रामाणिकपणे प्रयत्न केला. पण “फार कंटाळवाणा होता गं तुझा बाप” एवढं म्हणतानाच शेजारणीचा गळा दाटून आला, आणि तिला दोघांनी उचलून फाटकाबाहेर नेलं.

उन्हं उतरायला लागली तेव्हा शोकनिरीक्षक तुल्बेन आले. त्यांना सर्दी झाली होती आणि त्या दिवसातलं हे त्यांचं पाचवं घर होतं. आत्या त्यांना घेऊन तळघरात उतरली. त्यांनी वही उघडली.

“रडणारं कोण?”

“कोणी नाही,” आत्या म्हणाली. “रडलो तर तुमच्यासकट जाऊ.”

“मी कारण विचारत नाहीये, बाई. रकाना भरतोय.” ते मिलेवकडे वळले. “मुलगी ना तुम्ही? येत नाहीये का?”

“येतंय,” मिलेव म्हणाली. “धरून ठेवलंय.”

“धरून ठेवलेलं धरत नाहीत.”

हे ते वाईट हेतूने बोलले नव्हते, पण आत्याचं नाक सुरसुरलं. पारा चार बोटं वर आला. मिलेवने घाईघाईने विटांकडे पाहिलं, पण विटा पाऱ्यालाही पाठ झाल्या होत्या. याहून रटाळ काहीतरी हवं होतं, आणि तिला माहीत असलेली सगळ्यात रटाळ गोष्ट म्हणजे बाबांची सकाळ.

ती सपाट आवाजात सांगू लागली. बाबा उठले की थोडा वेळ डाव्या मोज्याकडे बघत बसायचे आणि उजवा घालायचे. खिडकी उघडून, कसंही आकाश असलं तरी, ढगाळ आहे म्हणायचे. माशाचे सारखे तुकडे करायचे आणि तरी मोठा तुकडा शोधून तिच्या ताटात टाकायचे. मग तळघराकडे यायचे. सरळ आत शिरायचे नाहीत. दाराशी थांबून खाकरायचे आणि विचारायचे, “येऊ का?”

पारा थांबला.

मग काठापर्यंत चढला. आत्या टेबलाखाली शिरली. तुल्बेननी वहीतून पाऱ्याला शोकनियमांचं तिसरं प्रकरण वाचून दाखवायला सुरुवात केली. एरवी त्या प्रकरणाने माणसं उभ्याउभ्या झोपत. पारा ऐकतच नव्हता. त्याच्या काठावर एक थेंब जमला, स्वच्छ पाण्यासारखा, आणि ओघळला. मागून दुसरा. वर स्वयंपाकघरात सगळी भांडी एकदम खाली पडली. बाकी काही झालं नाही. रांजण नुसता गळत राहिला, आवाज न करता.

तुल्बेननी बराच वेळ निरखून पाहिलं.

“हे घरातलंच ना?”

“एकतीस वर्षं,” मिलेव म्हणाली. “माझ्या आधीपासून. दोन वर्षं आधीपासून.”

“मयताशी नातं काय लिहू?”

टेबलाखालून आत्या म्हणाली, “थोरलं लिहा.”

त्यांनी लिहिलं, शिक्का मारला, दाखला मिलेवच्या हातात दिला आणि सांगितलं, की नाव उद्याच कोरायला घेतील. मग जिना चढता चढता थांबून म्हणाले, “आणि शोक करणाऱ्याला वर्षभर घरातून हलवता येत नाही. संघाला तसं कळवतो. त्याच्याजवळ कोणीतरी बसा. एकटं सोडू नये.”

“आता मी रडले तर चालेल?” मिलेवने विचारलं.

“माझी हरकत नाही. पण समजूत घालणाऱ्याने रडू नये अशी आपली रीत आहे. बघा कसं जमतं ते.”

आत्या कंबर धरून उठली. ती वर पातेली बघायला गेली.

मिलेवने स्टूल जवळ ओढलं. “पुरे आता,” ती पाऱ्याला म्हणाली. “डोळे पूस.” मग त्याला डोळे नाहीत हे तिच्या लक्षात आलं. तिने बाहीने रांजणाचा काठ पुसला. तो पुन्हा ओला झाला. तिने पुन्हा पुसला.