रीमू क्रीकच्या बालवाडीतली बिअर

शनिवारी खात्याच्या तपासणीस बाई रीमू क्रीकची बालवाडी बघायला येणार होत्या. ‘इथल्या पालकांना आस्था नाही’ असा शेरा पडला की बालवाडीला टाळं. नोलीन प्रेंडरगास्टची झोप उडाली होती, कारण मुलांचे बाप गाईगुरं सोडून इकडे कधी फिरकतच नसत. निदान मुलं तरी हसतीखेळती दिसावीत, म्हणून तिने धाकट्या भावाला फोन लावला.

“ट्रेवर, शनिवारी मला क्लबातली बिअर लागेल.”

न्यूझीलंडच्या त्या भागात ‘एअ’ आणि ‘इअ’ तोंडातून सारखेच निघतात. अस्वलाला ‘बेअर’ म्हणायला जावं, तर ‘बिअर’च बाहेर पडतं. नोलीनला हवा होता रग्बी क्लबातला अस्वलाचा पोशाख. पण ट्रेवर क्लबाचं सामानही सांभाळायचा आणि बारही. त्याला ऐकू आलं ते बारातलं. बहीण तर जन्मात दारूला न शिवलेली.

“तुला? बिअर?”

“मला कशाला? मुलांना.”

“अगं, तीन वर्षांची पोरं ती.”

“दोन वर्षांची पण आहेत. आधी घाबरतील, मग सोडायची नाहीत. लॅम्बर्टची धाकटी वाढदिवसाला बिअरला मिठी मारूनच झोपली होती.”

“आणि तिची आई?”

“फोटो काढत होती. हे बघ, तपकिरीच पाठव. एक पुरे, पण चांगली थोरली.”

खात्याचं नवं धोरण असेल, असं म्हणून ट्रेवरने फोन ठेवला. संध्याकाळपर्यंत ही बातमी गावातल्या प्रत्येक गोठ्यात पोचली.

शनिवारी ट्रेवरच्या गाडीतून बिअरचं पिंप उतरलं तेव्हा नोलीन धावतच बाहेर आली.

“हे काय आणलंस?”

“तपकिरी. थोरली.”

“अरे गाढवा, केसाळ बिअर. मुलं पाठीवर बसतात ती.”

ट्रेवरच्या डोक्यात उजेड पडतोय तोवर बाईंची गाडी फाटकातून आत वळली. नोलीनने पिंपावर टेबलक्लॉथ टाकला आणि वर केकचं ताट ठेवलं. तेवढ्यात मुलांनी “बिअर, बिअर” असा धोशा लावला.

“काय मागताहेत ही?” बाईंनी विचारलं.

“अस्वल,” नोलीन म्हणाली आणि तिने भावाकडे असं पाहिलं, की तो मुकाट्याने तपकिरी घोंगडी पांघरून रांगू लागला. मुलं त्याच्या पाठीवर तुटून पडली.

मग बाप येऊ लागले. इस्त्रीचे शर्ट, ओले भांग. एकेक जण त्या टेबलक्लॉथकडे बघत जवळपास घुटमळायला लागला. नुसतं उभं राहणं बरं दिसेना, म्हणून कुणी मोडका झोपाळा दुरुस्त केला, तर कुणी पोरांना खांद्यावर घेतलं.

“इतके वडील मी कुठल्याच बालवाडीत पाहिले नाहीत,” बाई भारावून म्हणाल्या.

नोलीनच्या जिवात जीव आला. बाईंनी केकची बशी घेतली आणि बसायला जागा शोधली. सगळ्या खुर्च्या वीतभर उंचीच्या. बाईही त्याच भागातल्या, त्यामुळे त्यांच्या ‘चेअर्स’चंही ‘चिअर्स’च व्हायचं.

“बाकी सगळं उत्तम आहे,” त्या मोठ्याने म्हणाल्या. “आता फक्त चिअर्स.”

बाप याच शब्दाची वाट बघत होते. खिशांतून पेले निघाले, केकचं ताट बाजूला झालं, टेबलक्लॉथ उडाला. “चिअर्स, बाई,” सगळे एका सुरात म्हणाले. नोलीनने डोळे मिटून घेतले.

बाईंनी पिंपाकडे पाहिलं, मग पेल्यांकडे.

“मी बसायच्या खुर्च्या म्हणत होते,” त्या म्हणाल्या.

“आहेत त्या एवढ्याच आहेत, बाई,” नोलीन कशीबशी बोलली.

बाईंनी एक चिमुकली खुर्ची ओढली आणि तीत स्वतःला कोंबलं. गुडघे हनुवटीला टेकले. “पुढच्या वर्षी येईन तेव्हा मोठ्या आणून ठेवा. तोवर मला अर्धा पेला चालेल.”

पुढच्या वर्षी. नोलीनने ते दोन शब्द मनात पुन्हा म्हणून बघितले. मग स्वतः जाऊन आयुष्यात पहिल्यांदाच पिंपाचा नळ सोडला. पेल्यात नुसता फेस आला.

“आणि त्या बिअरलाही थोडी बिअर द्या,” बाई घोंगडीकडे बोट दाखवून म्हणाल्या. “केव्हाची घामाघूम झालीय.”

या खेपेला मात्र कुणाचाही गोंधळ झाला नाही.